नार्नियाचें घड्याळ

गोष्टींच्या पुस्तकांनीं मुलांचा वेळ फुकट जातो, अशी तक्रार पालकांकडून आमच्या कानीं वारंवार येत असते. यंदा तर पालकांच्या सभेंत एका सुविद्य गृहस्थांनीं अशी सूचना मांडली कीं, नववी-दहावीच्या वर्गांचा वाचनालयाचा तास बंद करून तो गणितास द्यावा. सूचना करणाऱ्यांचा हेतु निर्मळ होता, आणि गणितावर आमचा कोणताहि राग नाहीं. परंतु ‘वेळ जातो’ म्हणजे नेमकें काय होतें, तो कोणाचा जातो, आणि त्याच्या मोबदल्यांत पदरीं काय पडतें, याचा विचार त्या सभेंत कोणीं केल्याचें दिसलें नाहीं. तो विचार येथें करावा, आणि ज्या देशांत काळाची गतिच आपल्या जगाहून निराळी आहे अशा एका देशाच्या आधारानें करावा, असें आम्हीं योजिलें आहे. तो देश म्हणजे नार्निया. कोणत्याहि नकाशावर तो सांपडावयाचा नाहीं. सी. एस्. लुइस या ग्रंथकारानें इ. स. १९५० पासून १९५६ पर्यंत दरसाल एक याप्रमाणें जीं सात पुस्तकें प्रसिद्ध केलीं, त्यांतच काय तो आहे.

लुइस यांचा जन्म १८९८ सालीं आयर्लंडांतील बेलफास्ट शहरीं झाला. १९२५ पासून ते ऑक्सफर्ड येथें अध्यापन करीत असत. १९५४ सालीं त्यांस केंब्रिज येथें प्राध्यापकाची जागा मिळाली, व १९६३ सालीं ते निवर्तले. म्हणजे सत्र, तास आणि घंटा यांच्या शिस्तींत ज्याचा बहुतेक जन्म गेला, अशा मनुष्यानें हा बेशिस्त काळाचा देश वसविला. आम्हां घंटेच्या तालावर जगणाऱ्यांस यांत फारसें नवल वाटत नाहीं.

काळ निराळ्या गतीनें चालणारा देश लुइस यांनींच प्रथम कल्पिला असें मात्र नव्हे. भागवताच्या नवव्या स्कंधांत ककुद्मी राजाची कथा आहे. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोणता, हें विचारण्यासाठीं तो तिला घेऊन ब्रह्मलोकीं गेला. तेथें गंधर्वांचें गायन चाललें होतें, म्हणून राजा क्षणभर थांबला. गायन संपल्यावर त्यानें आपला प्रश्न ब्रह्मदेवापुढें ठेविला, तेव्हां ब्रह्मदेव हंसले. कारण तेवढ्या वेळांत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें लोटलीं होतीं, आणि राजानें मनांत योजिलेले वर तर राहोतच, पण त्यांच्या पुत्रपौत्रांचें नांवहि कोठें ऐकूं येत नव्हतें. पुढें रेवतीचा विवाह बलरामाशीं झाला, हें सर्वांस ठाऊक आहे. परंतु एका गाण्यापायीं त्या मुलीच्या ओळखीचें सारें जग बुडालें, याकडे कोणाचें फारसें लक्ष जात नाहीं.

जपानांत उराशिमा नांवाच्या कोळ्याची अशीच कथा आहे. कासवाचे प्राण वाचविल्याच्या उपकारास्तव त्यास समुद्राच्या तळीं असलेल्या नागराजाच्या प्रासादांत नेण्यांत आलें. तेथें थोडे दिवस सुखांत काढून तो परत आला, तों गांवीं तीनशें वर्षें लोटलेलीं! ‘उघडूं नको’ म्हणून दिलेली पेटी त्यानें उघडली, आणि पाहतां पाहतां तो म्हातारा झाला. या कोळ्याचा उल्लेख इ. स. ७२० सालीं पूर्ण झालेल्या ‘निहोन शोकी’ या जपानी इतिहासग्रंथांत सांपडतो, यावरून ही कथा किती जुनी असेल याची कल्पना यावी. खुद्द लुइस यांच्या आयर्लंडांत ओशीन नांवाचा वीर चिरतारुण्याच्या देशांत जाऊन राहतो, व परत आल्यावर घोड्यावरून त्याचा पाय जमिनीस लागतांच तीनशें वर्षांचें वार्धक्य त्याच्या अंगावर कोसळतें.

आम्हांस या सर्वांत इफिस येथील सात निद्रितांची कथा अधिक आवडते. डेसियस बादशहाच्या छळास भिऊन सात ख्रिस्ती तरुण गुहेंत लपले व तेथेंच झोंपीं गेले. जाग आल्यावर त्यांतील एक जण भाकरी आणण्यास शहरांत गेला. आपण एक रात्र झोंपलों अशी त्याची समजूत! परंतु त्यानें दिलेलें नाणें पाहून दुकानदार चपापला. त्या नाण्यावरील बादशहा मरून दीड-दोन शतकें झालीं होतीं, व आतां राज्य दुसऱ्या थिओडोसियसचें होतें. कुराणाच्या अठराव्या सुऱ्यांतहि ही कथा आहे, म्हणून आमच्या मुसलमान विद्यार्थ्यांस ती घरींच ऐकावयास मिळते. काळ किती गेला हें आरशानें सांगितलें नाहीं, तर भाकरीच्या दुकानांतील नाण्यानें सांगितलें, ही गोष्ट आम्हांस फार मार्मिक वाटते. आपल्या हातांतील नाणें अजून चालतें कीं नाहीं, हें दुसऱ्याच्या दुकानांत गेल्यावांचून कळत नाहीं.

या जुन्या कथांचा रोख एकच आहे. तिकडे क्षण जातो, आणि इकडे शतक. तिकडील सुखाचें देणें इकडील माणसें फेडतात. कधीं आईबाप, कधीं सारा गांव. ‘गोष्टींनीं वेळ जातो’ असें म्हणणाऱ्या पालकांच्या मनांत, त्यांस ठाऊक असो वा नसो, हाच ककुद्मी राजा बसलेला असतो. मुलगा पुस्तकांत गेला, आतां परत येईल तेव्हां परीक्षा होऊन गेलेली असेल!

लुइस यांनीं हें घड्याळ उलटें लाविलें. नार्नियांत तिकडे वर्षांमागून वर्षें जातात, आणि इकडे एक मिनिटहि जात नाहीं. १९३९ सालीं महायुद्ध सुरू झालें तेव्हां बाँबवर्षावाच्या भयानें लंडनमधील पुष्कळ मुलांस खेड्यापाड्यांत पाठविण्यांत आलें. लुइस यांच्या घरींहि अशीं मुलें राहिलीं होतीं. पहिल्या पुस्तकांतील पीटर, सूझन, एडमंड व लूसी हीं चार भावंडें अशींच एका वृद्ध प्रोफेसरांच्या वाड्यांत येऊन राहतात. पावसामुळें बाहेर जातां येईना म्हणून घर धुंडाळीत असतां धाकटी लूसी एका रिकाम्या खोलींतील कपड्यांच्या कपाटांत शिरते. टांगलेल्या कोटांमागें हातास लांकूड लागावें, तों पायाखालीं बर्फ लागतें, आणि दूर रानांत एक दिव्याचा खांब दिसतो. तेथें टम्नस नांवाचा, कमरेखालीं बोकडासारखा असलेला एक प्राणी तिला भेटतो, घरीं नेऊन चहा पाजतो, बांसरी वाजवून दाखवितो. असे कित्येक तास निघून जातात. आपली शोधाशोध चालली असेल या धास्तीनें ती धांवत परत येते, तों भावंडें नुकतींच त्या खोलींतून बाहेर पडत आहेत! ती गेली होती हेंच कोणाच्या ध्यानांत आलेलें नाहीं. कपाट उघडून पाहतात, तर आंत कोट व मागें साधी फळी.

लूसीला सारीं हंसतात. पुढें एडमंडहि कपाटांतून तिकडे जाऊन येतो. परंतु परत आल्यावर, आपण दोघें उगीच खेळ करीत होतों असें खोटेंच सांगून तो बहिणीस तोंडघशीं पाडतो. पीटर व सूझन काळजींत पडून प्रोफेसरांकडे जातात. प्रोफेसर त्यांस आधीं एवढेंच विचारतात कीं, तुमच्या आजवरच्या अनुभवांत खरें बोलणारें कोण, लूसी कीं एडमंड? उत्तर मिळतें, लूसी. मग, ती खोटें बोलत नाहीं व वेडीहि दिसत नाहीं, तर ती खरें बोलते असें कां धरूं नये, असा त्यांचा रोकडा सवाल. सूझन वेळेची अडचण पुढें करते: मिनिटभराच्या आंत लूसी परत आली, आणि सांगते मात्र कित्येक तास गेले म्हणून. यावर प्रोफेसर म्हणतात कीं, तिचें म्हणणें खरें मानण्यास हेंच तर मोठें कारण आहे. दुसरें जग असेल तर त्याचा काळहि स्वतंत्र असावा, आणि एवढ्याशा मुलीस ही कल्पना स्वतः रचतां येणें संभवनीय नाहीं. खोटेंच सांगावयाचें असतें, तर ती बराच वेळ लपून राहिली असती व मग बाहेर आली असती.

आमच्या पालकांनीं निदान हें एक प्रकरण वाचावें, अशी आमची आग्रहाची विनंति आहे. मूल खोटें बोलतें कीं काय हें ठरविण्यास आपण बहुधा प्रथम घड्याळ पुढें करतों. शाळा पांचला सुटली, तूं सहाला आलास, मधला तास कोठें होतास? ज्या मुलाचा हिशेब मिनिटापर्यंत जुळतो तो सुटतो, आणि वाटेंत सुतारपक्षी पाहत उभा राहिलेला, ज्यास किती वेळ झाला याची शुद्धच नव्हती, तो मार खातो. वीसाहून अधिक वर्षें वर्गावर उभे राहून आमचें असें मत झालें आहे कीं, ज्याचा हिशेब अगदीं चोख जुळतो त्याच्याकडेच एकदां पुन्हां पाहावें. एडमंडचा हिशेब जुळत होता.

येथें आमच्या गणिताच्या विद्यार्थ्यांस एक खाऊ देऊन ठेवतों. आपलें एक वर्ष बरोबर नार्नियाचीं किती वर्षें, हें त्रैराशिकानें काढतां येईल काय? लुइस यांच्या मागें प्रसिद्ध झालेल्या कागदपत्रांत त्यांनीं स्वतः केलेला एक कालपट आहे. त्याप्रमाणें आपल्या १९०० सालीं नार्नियाचें पहिलें वर्ष सुरू होतें, आणि १९४० सालीं चार भावंडें तेथें जातात तेव्हां तिकडे १००० वें वर्ष असतें. १०१५ मध्यें तीं परत फिरतात. पुढच्याच वर्षीं, म्हणजे १९४१ सालीं, तीं पुन्हां जातात तों तिकडे २३०३! १९४२ मध्यें जावें तर २३०६. आणि त्याच १९४२ च्या उत्तरार्धांत २३५६. शेवटीं १९४९ सालीं २५५५ व्या वर्षीं नार्नियाचा अंत होतो. म्हणजे एका वर्षाचीं कधीं १२८८ होतात, कधीं तीन, आणि कांहीं महिन्यांचीं पन्नास. पाटीवर कितीहि आंकडे मांडले तरी प्रमाण बसत नाहीं.

दोन घड्याळें एकाच गांवांत असणें ही आपणांकडेहि एके काळीं नित्याची गोष्ट होती. १ जानेवारी १९०६ पासून हिंदुस्थानची प्रमाणवेळ लागू झाली, तरी मुंबई शहरानें आपली जुनी वेळ १९५५ पर्यंत सोडली नाहीं. ती ३९ मिनिटें मागें असे. परंतु तें अंतर ठरीव होतें; रेल्वेची वेळ पाहून शहराची सांगणें शाळकरी पोरासहि साधे. शास्त्राचे शिक्षक म्हणतील कीं, आइन्स्टाइन यांनीं १९०५ सालीं काळ सर्वत्र एका गतीनें चालत नाहीं हें दाखविलें, आणि १९७१ सालीं आण्विक घड्याळें विमानांतून पृथ्वीभोंवतीं फिरवून त्यांत पडलेला अब्जांश सेकंदांचा फरक मोजलाहि. तें खरें आहे. पण त्यासहि सूत्र आहे, आणि नार्नियास नाहीं. कोणी यास लेखकाची सोय म्हणेल. आम्हीहि तसें म्हटलें असतें. परंतु या बिनसूत्र काळापासून लुइस यांनीं जें काढिलें आहे, तें पाहिल्यावर आम्हांस तसें म्हणवत नाहीं.

दुसरें पुस्तकच पाहा. पहिल्या वेळीं चौघांनीं नार्नियांत राज्य केलें, तीं मोठीं झालीं, दरबार भरविले, आणि पांढऱ्या हरिणाच्या मागें लागलीं असतां कपाटांतून बाहेर पडून पुन्हां होतीं तेवढींच मुलें झालीं. इकडे तोच दिवस, तीच घटका. वाचकास वाटतें, वा! काय सुंदर देश! खर्च कांहींच नाहीं. एका वर्षानें शाळेस जातांना आगगाडीच्या स्टेशनावरून तीं अकस्मात् ओढलीं जातात, आणि झाडोऱ्यानें भरलेल्या एका बेटावर येऊन पडतात. तेथें एक उद्ध्वस्त वाडा आहे. सफरचंदाचीं झाडें वाढून अगदीं वेशीपर्यंत आलीं आहेत. सूझनला विहिरीपाशीं सोन्याचें एक बुद्धिबळांतील घोड्याचें प्यादें सांपडतें. त्याचा एक डोळा माणकाचा, दुसरा नाहींसा झालेला. हळूहळू त्यांस उमगतें कीं, हीं सफरचंदें आपणच लाविलीं होतीं, आणि हा वाडा म्हणजे आपलीच राजधानी केअर पॅरव्हेल. त्यांचे मित्र, त्यांचे प्रजाजन, चहा पाजणारा तो टम्नस, सारे शेंकडों वर्षांपूर्वीं मातींत गेले आहेत. स्वतः तीं राजेराण्या, आतां दंतकथेंतील नांवें झालीं आहेत.

म्हणजे देणें चुकलें नव्हतेंच. फक्त तें कोणाच्या खातीं पडावयाचें एवढें बदललें. ककुद्मी राजाच्या कथेंत तें घरच्यांवर पडलें. येथें तें जाणाऱ्याच्या मनावर पडतें. घरीं आई वाट पाहत बसली नाहीं, परीक्षा बुडाली नाहीं. पण ज्याच्यावर जीव जडला तें दुसऱ्या खेपेस तसेंच भेटेल याची हमी नाहीं. मुलांच्या पुस्तकांत ही गोष्ट इतक्या सरळपणें सांगणारे लेखक थोडे. आपल्याकडे मुलांस गोष्ट सांगतांना शेवटीं सर्व पूर्ववत् झालें असें म्हणण्याची चाल आहे. सर्व पूर्ववत् होत नाहीं हें मुलांस आजोळच्या घरावरूनहि कळतें. आजी गेल्यानंतरच्या मे महिन्यांत तेंच अंगण, तोच आंबा, पण तें आजोळ नव्हे, हें ज्या मुलानें अनुभविलें आहे त्यास केअर पॅरव्हेलचे अवशेष समजावून सांगावे लागत नाहींत.

चौथ्या पुस्तकांतील एक प्रसंग तर याहूनहि चटका लावणारा आहे. युस्टेस नांवाचा मुलगा मागच्या सुटींत नार्नियाच्या तरुण राजाबरोबर, कॅस्पियनबरोबर, पूर्वेकडील समुद्रावर जलप्रवास करून आलेला असतो. पुढच्या सत्रांत तो जिल नांवाच्या मुलीसह पुन्हां तेथें जातो. या खेपेस त्यांस चार खुणा सांगितलेल्या आहेत, व पहिली अशी कीं, पोंचतांच युस्टेसला एक जुना मित्र दिसेल, त्यास लागलीच हांक मारावी. बंदरांत गर्दी आहे. एक थकलेला, पिकल्या दाढीचा राजा सर्वांचा निरोप घेऊन जहाजावर चढत आहे. जिल युस्टेसला विचारते, येथें तुझ्या ओळखीचा कोणी आहे काय? तो म्हणतो, नाहीं. जहाज हंकारलें जातें. मग कळतें कीं तो म्हातारा म्हणजेच कॅस्पियन. इकडे कांहीं महिने गेले, तिकडे पन्नास वर्षें. आणि मित्र हांकेच्या अंतरावरून निघून गेला.

हा प्रसंग वाचतांना आम्हांस आमच्याच शाळेची आठवण येते. काळ चमत्कारिक रीतीनें चालणारे देश कपाटांतच असतात असें नाहीं. आमची दहावी हा तसलाच एक देश आहे. आमच्या दृष्टीनें दहावीचा विद्यार्थी नेहमीं पंधरा-सोळा वर्षांचा असतो. दर जूनला तो पंधराचा येतो, दर मार्चला सोळाचा होऊन जातो, व पुन्हां जूनला पंधराचा होऊन येतो. म्हातारे होतों ते आम्हीच. मग एके दिवशीं स्नेहसंमेलनास टक्कल पडलेला एक गृहस्थ येऊन पायां पडतो, आणि आम्ही त्याच्या चेहऱ्यावर तिसऱ्या बांकावरचा तो खोडकर मुलगा शोधीत राहतों. तोहि आम्हांस शोधीत असतोच. अशा वेळीं लागलीच हांक मारावी; नांव चुकलें तरी हरकत नाहीं. आमच्या माजी विद्यार्थ्यांसहि आम्ही हेंच सांगतों.

आतां पुन्हां पालकांच्या तक्रारीकडे. वाचक म्हणतील, नार्नियांत मिनिट जात नसेल, पण नार्नियाचें पुस्तक वाचण्यास तर तास जातोच! जातो, हें कबूल. परंतु ज्या देशांत मुलांचा वेळ खरोखर बुडतो आहे, तो पुस्तकांचा देश नव्हे. तो आपल्या सर्वांच्या खिशांत आहे. मोबाईल हातीं घेणारा मुलगा ‘पांचच मिनिटें’ म्हणून जातो, आणि परत येतो तों जेवण निवलेलें, आजोबा झोंपलेले, दोन तास गेलेले. ही शुद्ध ब्रह्मलोकाची रीति आहे. फरक इतकाच कीं, ककुद्मी राजापुढील गंधर्वांचें गायन निदान एकदां संपलें. या यंत्रांतील गंधर्व एक गाणें संपण्यापूर्वींच, न विचारतां, दुसरें सुरू करितात. तेथें शेवटचें पान नाहीं. आणि येथें आम्ही केवळ मुलांसच दोष देत नाहीं. पालक-सभेंत वाचनालयाच्या तासावर भाषणें चाललीं असतां किती वडीलधाऱ्या माना खालीं झुकून मांडीवरील प्रकाशाकडे पाहत होत्या, हें आम्ही व्यासपीठावरून पाहत होतों.

पुस्तकाची गोष्ट निराळी. त्याची जाडी हातास लागते. किती राहिलें हें अंगठ्यास कळत असतें. तासभर वाचणाऱ्या मुलीचा तास जातो खरा, पण त्या तासांत ती एक राज्य चालवून, एक मित्र गमावून, दोन वेळां चुकून परत येते, आणि जेवणास हांक मारली तर ‘आलें’ म्हणून पुस्तकांत खूण घालून उठते. निदान चार हांकांनंतर तरी उठते! आमच्या घरींहि हाच अनुभव आहे.

या पुस्तकांतील सर्वच आम्हांस मान्य आहे असें कोणीं समजूं नये. नार्नियाच्या दक्षिणेस कॅलॉर्मेन नांवाचें राज्य दाखविलें आहे. तेथील लोक सांवळे, पागोटीं घालणारे, आणि बहुतेक क्रूर व लबाड. पूर्वेकडील माणसें म्हणजे अशीं, ही त्या काळच्या पुष्कळ इंग्रज लेखकांची खोड लुइस यांनाहि सुटली नाहीं. आमच्या मुलांनीं तीं पानें वाचूं नयेत असें आम्ही म्हणणार नाहीं. तीं वाचावीं, व आपल्यासारख्यांचें चित्र दुसरा कसें काढतो हें डोळे उघडे ठेवून पाहावें. तसेंच शेवटच्या पुस्तकांत सूझन मोठी होऊन नटण्या-मुरडण्याच्या नादास लागली म्हणून नार्नियास मुकली असें सांगितलें आहे, तेंहि आम्हांस रुचलें नाहीं. काळाविषयीं एवढी उदार दृष्टि असलेल्या लेखकानें एका तरुण मुलीस आणखी थोडा काळ द्यावयास हवा होता. हरवलेल्या माणिकाच्या डोळ्याचा तो घोडा तिलाच तर सांपडला होता!

वाचनालयाच्या तासाबद्दल आमचें मत उघड आहे. तो ठेवावा. नववी-दहावीस तर अवश्य ठेवावा, कारण त्या वयांत मुलांचें सारें आयुष्य वेळापत्रकांत कोंबलेलें असतें: सकाळीं शिकवणी, दुपारीं शाळा, संध्याकाळीं पुन्हां शिकवणी. आठवड्यांतून पस्तीस मिनिटें तरी अशीं असावीं कीं जीं कोणत्या गुणांत जमा झालीं हें कोणी विचारणार नाहीं. गणितास तास कमी पडत असेल, तर आमच्या विषयांतून, मराठींतून, एक न्यावा. आम्ही खुशीनें देऊं, आणि त्या तासाला वरचा नार्नियाचा हिशेब घालावा असें गणिताच्या शिक्षकांस सुचवूं.

सातहि पुस्तकें आमच्या वाचनालयांत आहेत. भाषा इंग्रजी असली तरी सोपी आहे. आठवीच्या विद्यार्थ्यास कोश जवळ घेऊन सहज वाचतां येईल. प्रथम कोणतें वाचावें याबद्दल वाद आहे. नार्नियाच्या उत्पत्तीची कथा सहावें पुस्तक म्हणून १९५५ सालीं निघाली, व कांहीं जण ती आधीं वाचावी असें म्हणतात. आम्हांस तें पटत नाहीं. कपाटाचें दार ज्यानें लूसीबरोबर, कांहींएक माहीत नसतां, उघडलें नाहीं, त्यास पुढची मौज कळावयाची नाहीं. म्हणून निघालीं त्याच क्रमानें वाचावीं. फक्त दुसरा भाग, उद्ध्वस्त राजवाड्याचा, सध्यां फडताळांत नाहीं. गेल्या दिवाळीच्या सुटींत कोणी विद्यार्थी तो घरीं घेऊन गेला आहे, व नोंदवहींतील सही शाई पसरल्यामुळें वाचतां येत नाहीं. ज्याच्याकडे असेल त्यानें आणून द्यावा. दंड घेतला जाणार नाहीं. त्याच्या हिशेबानें कदाचित् अजून दोनच दिवस झाले असतील.